स्टोअरबाबूंची अर्धी गोळी

माझं शुद्धलेखन कच्चं आहे आणि अक्षर त्याहून वाईट. शाळा चौथीपर्यंत झाली, पुढे हातात पेनापेक्षा लाटणंच जास्त राहिलं. ऱ्हस्व-दीर्घ चुकलं असेल, ओळी चढल्या-उतरल्या असतील, तर ज्याच्या हाती हे पडेल त्याने सांभाळून घ्यावं. कुणाच्या हाती पडू नये अशीच माझी इच्छा आहे. पण बाबूजींच्या तेरवीला जे ऐकलं ते ऐकून गप्प राहवत नाही, आणि चार माणसांत तोंड उघडणं मला कधी जमलं नाही. म्हणून लिहिते.

तेरवीला लोक बुंदी खाता खाता म्हणत होते, "देवमाणूस होता. हाताले गुण होता बाप्पा त्याच्या." मी वाढत होते. झारा घेऊन पुढच्या पानावर गेले. गुण त्यांच्या हाताला नव्हता. ज्यांनी त्यांच्या हातून खाल्लं आणि तरी जगले, त्यांच्या तब्येतीला होता.

नारायणराव ठोंबरे त्यांचं नाव. पुलगावात त्यांना सगळे स्टोअरबाबू म्हणायचे, कारण दारूगोळ्याच्या डेपोत ते स्टोअर सांभाळायचे आणि तिथूनच पेन्शनीत निघाले. मी बाबूजी म्हणायचे. त्यांच्या घराच्या मागच्या खोलीत मी भाड्याने राहते आणि डबे करून देते. खोली पाहायला आले त्या दिवशी मला शिंक आली. पुरती शिंकूनही झाले नव्हते, तोच त्यांनी सदऱ्याच्या खिशातून एक पत्र्याची डबी काढली, डबीतून एक गोळी आणि कमरेच्या पिशवीतून अडकित्ता. ज्या अडकित्त्याने ते सुपारी कातरायचे, त्यानेच त्यांनी ती गोळी कट्कन दोन केली.

"अर्धी घे. संध्याकाळपर्यंत वाघीण होशीन."

मी लाजेने नाही म्हणू शकले नाही. गोळीला सुपारीचा वास होता, किंचित काताचा लाल रंगही. संध्याकाळी मी वाघीण झाले नाही. शिंका चालूच होत्या आणि वर पोट बिघडलं. बाबूजी म्हणाले, "पाह्य, आतला कचरा निंघून राह्यला. औषध लागू पडलं."

त्यांचं सगळं असंच होतं. बरं वाटलं तर औषधाने वाटलं आणि वाईट वाटलं तर औषध काम करून राह्यलं. कुठूनही पाहा, बाबूजी बरोबर. गल्लीतला कुणीही खोकला, कण्हला किंवा नुसता बसून राहिला तरी डबी बाहेर निघायची. पूर्ण गोळी मात्र ते कुणाला द्यायचे नाहीत. "पुरी गोळी डॉक्टर देते, कारण त्याले दुकान चालवायचं असते. अर्ध्यात काम होते." आणि एका अर्ध्याने काम झालं नाही, तर दुसऱ्या कुठल्या तरी गोळीचं अर्धं. "दोन अर्धे मिळून एक होते. हिशोब पक्का हाय आपला." दोन वेगवेगळ्या गोळ्यांची अर्धी मिळून कुठली एक गोळी होते, हे त्यांनी कधी सांगितलं नाही. विचारायची सोयही नव्हती. विचारलं की म्हणायचे, "आयुष्यभर दारूगोळा सांभाळला मी. ह्या गोळीचं मले काय सांगतं?" हा विनोद गल्लीने इतक्या वेळा ऐकला होता की पोरं त्यांच्या आधीच म्हणून टाकायची. ते मात्र दर वेळी नव्याने हसायचे.

शेजारच्यांची बकरी एकदा चारा सोडून बसली. बाबूजींनी गुळात दोन अर्धी कालवून तिला चारली. बकरी उठली. पुढे वर्षभर ही बकरी आम्हाला चहासोबत मिळत होती. ती बकरी त्याआधी चपलेचा पट्टा आणि निवडणुकीचं पोस्टर खाऊन पचवून बसली होती, हे कुणीच काढलं नाही.

पण एक गोष्ट मला पहिल्यापासून टोचायची. डेपोचं नाव निघालं की हाच माणूस वेगळा व्हायचा. ताठ बसायचा, आवाज बारीक व्हायचा. कोणता माल कोणत्या मालाच्या शेजारी ठेवायचा नाही, यावर ते तासभर बोलत. "एकएकटा माल गरीब गाईसारखा असते. पण दोघं एका शेडमध्ये आले का मंग त्याईचा भरोसा नाई. म्हून शेड अलग, चाबी अलग, रजिस्टर अलग." एकदा माझ्या खोलीत आले तर शेगडीजवळच्या फळीवर माचीस आणि रॉकेलची बाटली शेजारी शेजारी दिसली. मला त्यांनी उभं करून झापलं. "अवो कमल, हे काय ठेवलं? डेपोत असती तं चार्जशीट भेटली असती तुले!" स्वतःच्या हाताने माचीस उचलून त्यांनी दुसऱ्या भिंतीला ठेवली. त्याच वेळी त्यांच्या खिशातल्या डबीत, पाकिटातून काढलेल्या दहा रोगांच्या गोळ्या एकमेकींवर घासत खुळखुळत होत्या. पाकिटाने जागा अडते म्हणून ते गोळ्या सुट्या ठेवायचे. काकू, म्हणजे त्यांची बायको, वारली तेव्हा तिच्या उरलेल्या गोळ्याही त्याच डबीत गेल्या. "फेकायच्या काऊन? पैसे पडले हायेत."

माझ्याकडे एक मांजर आहे, चिंधी नावाची. कपड्याच्या चिंध्यांत सापडली म्हणून चिंधी. बाबूजी तिला "फुकटची पेन्शनर" म्हणायचे आणि तिच्या देखत सांगायचे की मांजर हे जनावर घरात ठेवायच्या लायकीचं नाही. दुपारी मी डबे पोचवायला गेले की तिच्यासाठी दुधावरची साय कुणाच्या घरून यायची, हे चिंधीच्या मिशांवरून कळायचं. त्याचं मी कौतुक करणार नाही. पुढे त्याच सायीने घात केला.

चिंधी म्हातारी होत चालली तशी खाल्लेलं टाकू लागली, वाळत गेली. वर्ध्याला जनावरांची एक चांगली डॉक्टरीण आहे असं कळलं. मला डॉक्टरशी बोलायची भीती वाटते, म्हणून बाबूजींना सोबत या म्हटलं. ही मोठी चूक. टोपलीतली चिंधी बसच्या धक्क्यांनी आणि भोंग्यांनी अशी घाबरली की सारा रस्ता ओकत आणि ओरडत राहिली, टोपलीतच मुतली, आणि वर्धा येईपर्यंत नुसती थरथरत होती. दवाखान्यात डॉक्टर मॅडमनी तिला हात लावायच्या आधीच बाबूजी म्हणाले, "हिले गॅस झाला हाय."

मॅडम तरण्या होत्या, पण धीराच्या. "बाबा, मला आधी बघू द्या," म्हणाल्या. रक्त तपासलं. मूत्रपिंड कमजोर झालंय, दर थोड्या दिवसांनी दाखवायला आणावं लागेल, असं सांगितलं. मग प्रवासाचं ऐकून त्यांनी दोन औषधं लिहिली. एक ओकारीचं आणि एक भीतीचं. मी खाली मान घालून ऐकत होते, पण शब्दन् शब्द लक्षात ठेवला.

"मावशी, नीट ऐका. ही दोन्ही औषधं एका दिवशी देता येतात, म्हणूनच दिली आहेत. पण माप मी लिहिलंय तेवढंच. हिचं मूत्रपिंड कमजोर आहे, औषध अंगातून लवकर निघत नाही, म्हणून हिचं माप इतर मांजरांपेक्षा कमी ठेवलंय. भीतीच्या औषधाची भुकटी कडू असते. तोंडाला फेस येईल. घाबरू नका आणि फेस आला, उलटी झाली म्हणून पुन्हा देऊ नका. मला फोन करा. थोडी डुलेल, झोपेल, तेही चालेल. या दोन्हींशिवाय तिसरं काही द्यायचं नाही. माणसाची गोळी तर चिमूटभरही नाही. आपल्याला साधी वाटते, ती मांजराचा जीव घेते."

बाबूजी म्हणाले, "पण अर्धी..."

"अर्धीसुद्धा नाही, बाबा. पावही नाही."

परत येताना बसमध्ये ते माझ्या कानाशी म्हणाले, "पोरगी हुशार हाय. पण भित्री हाय." भित्री. जिने एका वाक्यात त्यांची डबी बंद केली, ती भित्री.

पुढच्या फेरीला मी मॅडमनी सांगितलं तसंच केलं. चिंधी थोडी डुलली आणि टोपलीत मान टाकून झोपून वर्ध्याला पोचली. ना ओकली, ना ओरडली. एखाद्या माणसाला एवढं पाहून पुरलं असतं. बाबूजींनी गल्लीत सांगितलं, "मांजरीले सवय झाली बसची."

त्याच्या पुढच्या फेरीच्या सकाळी मी दोन्ही औषधं दिली आणि बस सुटायच्या आत डबे पोचवून यायला निघाले. चिंधीला खोलीत ठेवून दार लोटलं. कडी घातली नाही, कारण घर बाबूजींचं आणि अंगण एकच. परत आले तर चिंधी दाराच्या मधोमध आडवी पडली होती. उठायला गेली तर मागचे पाय बाजूला जात होते. मान हलत होती, डोळ्यांवर आतला पांढरा पडदा अर्धा चढला होता. कान हाताला गार लागले. मी हाक मारली, तिने पाहिलं नाही. श्वास इतका हळू की मी बोट लावून पाहिला.

डोलणं मी आधी पाहिलं होतं. हे ते नव्हतं.

मी फोन लावला. मॅडमनी विचारलं, "तुम्ही काय दिलं? किती?" मी सांगितलं. त्या म्हणाल्या, "एवढ्याने असं होणार नाही. कुणी तिसरं काही दिलंय का? आठवा. मला ते कळलंच पाहिजे. झोपेची गोळी असेल तर तिच्यावर उतारा वेगळा. तापाची किंवा अंगदुखीची असेल तर उतारा वेगळा आणि तो लगेच द्यावा लागतो. अंदाजाने मी काही टोचू शकत नाही."

बाबूजी अंगणात खाटेवर बसून सुपारी कातरत होते. बाजूला रिकामी वाटी होती. तिच्या कडेला साय चिकटलेली आणि सायीत पांढरी भुकटी.

मी फोन त्यांच्यासमोर धरला. म्हटलं, "बाबूजी, तुमी काई देल्लं काय चिंधीले?"

"मी काऊन देऊ? मले काय दुसरे काम नाई?" त्यांनी वर पाहिलंही नाही. "हवा लागली असन. मीठपाणी पाज, ओकू दे, मोकळी होईन."

फोनमधून मॅडम ओरडल्या, "काही पाजू नका! बेशुद्ध जनावराच्या नरड्यात पाणी गेलं तर ते फुप्फुसात जाईल. ओकवू नका. गरम कपड्यात गुंडाळा आणि घेऊन निघा. पण आधी मला गोळी सांगा!"

"आता ह्या बाईले कोण सांगन," बाबूजी म्हणाले, "का मांजर म्हातारं हाय म्हून."

मी आयुष्यात कुणाला उलट बोलले नव्हते. नवऱ्याला नाही, सासूला नाही, डब्याचे पैसे बुडवणाऱ्यांनाही नाही. त्या वेळी मात्र माझ्या तोंडून निघालं, आणि आवाज गल्लीत गेला इतका मोठा निघाला.

"बाबूजी, तुमच्या शेडमंधी आग लागली असती, अन् साहेबानं इचारलं असतं का आत कोणता कोणता माल होता, तं तुमी काय म्हटलं असतं? हवा लागली म्हटलं असतं काय?"

कातरणं थांबलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग वाटीकडे, मग चिंधीला चादरीत गुंडाळून मी उचललेल्या गाठोड्याकडे. गाठोड्यात चिंधीचं तोंड उघडं होतं आणि जीभ बाहेर आली होती. अडकित्ता त्यांनी खाली ठेवला. डबी काढली. खाटेच्या पट्टीवर ती पालथी केली आणि बोटाने गोळ्या बाजूला सारत सारत उरलेली दोन अर्धुकं शोधून काढली. मग फोन हातात घेतला आणि साहेबासमोर उभं राहतात तसे खाटेवरून उठून उभे राहिले.

"नोंद घ्या मॅडम. एक, पांढरी लहान, झोपेची, माझ्या वारलेल्या बायकोची, अर्धी. दोन, पिवळी, बसमध्ये उलटी होऊ नये म्हणून मी स्वतः घेतो ती, अर्धी. दोन्ही चुरून सायीतून देण्यात आल्या. तापाची नाही. अंगदुखीची नाही. पक्कं सांगतो." आणि गोळ्यांची नावंही घडाघडा सांगितली. डबीत पाकीट एकीचंही नव्हतं, पण माल त्यांना पाठ होता.

देण्यात आल्या म्हणे. जसा काही वरून हुकूम आला होता.

मॅडम म्हणाल्या, "म्हणजे माझ्या ओकारीच्या औषधावर ओकारीचं दुसरं आणि माझ्या भीतीच्या औषधावर झोपेचं दुसरं. या मूत्रपिंडाला. बाबा, तुम्ही कशासाठी दिलं?"

बाबूजींचा आवाज खाली गेला. "तिले फेस आला होता. मले वाटलं, औषध बाहेर पडलं. कमल घरी नव्हती. मरून राह्यली वाटलं मले."

फेस येईल हे सांगितलं तेव्हा ते तिथेच बसले होते. पण त्या वेळी ते मॅडमना गॅसचं कसं पटवून द्यावं याच विचारात होते, दुसऱ्याचं ऐकायला जागा कुठली.

बसची वाट न पाहता मी रिक्षा केली. बाबूजी न सांगता पुढे ड्रायव्हरशेजारी जाऊन बसले. वर्ध्यापर्यंत त्यांनी मागे वळून पाहिलं नाही, फक्त अधून मधून विचारायचे, "हाय का?" मी म्हणायचे, "हाय." एवढंच बोलणं. मॅडमनी उतारा तयारच ठेवला होता. सलाईन लावली, खाली गरम पाण्याच्या बाटल्या ठेवल्या. म्हणाल्या, नाव वेळेवर कळलं म्हणून हात चालवता आला. संध्याकाळ होता होता चिंधीने कान हलवला. तीन दिवस तिला तिथेच ठेवावं लागलं. चौथ्या दिवशी ती माझ्या हातावरून चाटून खायला लागली आणि मी दवाखान्याच्या पायरीवर बसून रडले.

दवाखान्याचा आणि रिक्षाचा खर्च मी दिला. खोलीपुढे पत्र्याचं छप्पर टाकायला पैसे साठवले होते, ते सगळे गेले. बाबूजींनी पावती पाहिली आणि म्हणाले, "एवढे? एवढ्यात तं बकरी येते." त्या दिवसापासून मी त्यांच्याशी बोलणंच बंद केलं. तशीही मी कमी बोलते, त्यामुळे ते त्यांच्या ध्यानात यायला बरेच दिवस गेले. ध्यानात आलं तेव्हा खिडकीशी येऊन म्हणाले, "अवो, भाड्यात कापून घे तुये पैसे." मी त्या महिन्याचं भाडं रुपयाही कमी न करता त्यांच्या ओट्यावर नेऊन ठेवलं. भाड्याचा माल अलग आणि औषधाचा माल अलग. एवढं त्यांनीच शिकवलं होतं.

त्यानंतर पेन्शनीच्या दिवशी ते माझ्या खिडकीत नोटा ठेवू लागले. थोड्या थोड्या. वरून एक खडा. सोबत काहीतरी बोलणं असायचंच. "डॉक्टरीन लुटारू हाय." "उन्हाया लागला, पंखा घ्या लागते, ह्या महिन्यात कमी हाय." "मांजर काई बारीक नाई दिसत आता." चूक झाली हे दोन शब्द सोडून जगातलं सगळं बोलून झालं. मी नोटा उचलायचे आणि खिडकी लावायचे. गोळ्या वाटणं थांबलं होतं, एवढं खरं. गल्लीत कुणी शिंकलं तर हात खिशाकडे जायचा आणि तिथेच राहायचा. लोक म्हणाले, स्टोअरबाबू म्हातारे झाले. साय मात्र रोज येत होती. आता ते ती वाटी माझ्या देखत, माझ्या उंबऱ्यावर ठेवायचे आणि मी आत नेऊन, बोटाने तपासून, मगच चिंधीला द्यायचे. ते अंगणातून पाहत राहायचे. तपासू नको असं कधी म्हणाले नाहीत.

दिवाळीनंतर त्यांना धाप लागायला लागली. स्वतःच्या डबीतलं त्यांनी काय काय घेतलं देव जाणे, पण एक दिवस नागपूरहून मुलगा गाडी घेऊन आला. मोठ्या दवाखान्यात नेतो म्हणाला. शेजारी जमले. कुणी रडलं, कुणी नारळ दिला. मी माझ्या दारातच उभी होते. बाबूजींना धरून गाडीत बसवलं, दार लावलं, गाडी सुरू झाली. आणि थांबली. आतून मुलाचा आवाज आला, "बाबा, आता कायले उतरता? श्वास पुरून राह्यला का तुमाले?"

ते उतरले. गाडीला हात लावत, मग भिंतीला हात लावत माझ्या दारापर्यंत आले. दर दोन पावलांवर थांबत. खिशातून नोटा काढल्या. या वेळी खिडकीत ठेवल्या नाहीत, माझ्या हातात दिल्या. मांजरीबद्दल, डॉक्टरणीबद्दल, कशाबद्दल काही बोलले नाहीत. बोलायला श्वासही नव्हता.

"मोज," म्हणाले.

मुलगा भोंगा वाजवत होता. मी त्यांच्यासमोर, सगळ्या गल्लीसमोर एक एक नोट मोजली. हिशोबात हा माणूस कधी चुकत नव्हता हे मला माहीत होतं, तरी मोजली. ते माझ्या बोटांकडे पाहत उभे होते.

"पुरे झाले न, कमल?"

"हो बाबूजी," मी म्हटलं. "पुरे झाले."